नाशिकच्या कष्टकऱ्यांचा इतिहास शाळेत कसा शिकवावा आणि तो जपावा कुठे?

प्रश्न : इतिहासशिक्षिका, नाशिकरोड

सर्वांना नमस्कार. मी नाशिकरोडच्या एका माध्यमिक शाळेत नववी आणि दहावीला इतिहास शिकवते. माझ्या वर्गातील बहुतेक मुलांचे आजोबा किंवा पणजोबा कामाच्या शोधात या भागात आले आणि येथेच स्थायिक झाले. कोणी प्रेसमध्ये लागले, कोणी रेल्वेत, कोणी एकलहऱ्याच्या औष्णिक वीज केंद्रात, तर कोणी पुढे सातपूर आणि अंबडच्या औद्योगिक वसाहतींत. १९२५ साली नाशिकरोडला सिक्युरिटी प्रेसची उभारणी झाली, तोवर विलायतेहून छापून येणारी टपाल तिकिटे येथे छापली जाऊ लागली आणि १९२८ पासून नोटांची छपाईही सुरू झाली, एवढे मी वर्गात सांगते आणि मुले ते वहीत उतरवून घेतात. परंतु त्या यंत्रांपुढे उभी राहणारी माणसे कोणत्या गावांहून आली, पहिली काही वर्षे कोणाच्या खोलीत राहिली, गावी पैसे कसे पाठवत होती, त्यांच्या बायका कोणती कामे करत होत्या, याविषयी मुलांच्या हाती देण्यासारखे माझ्याजवळ जवळजवळ काहीच नाही.

दहावीच्या पुस्तकातील इतिहासलेखनाच्या प्रकरणांत वंचितांच्या इतिहासाचा परिच्छेद आहे, त्यात महात्मा फुले आणि डॉ. आंबेडकर यांच्या लेखनाचा उल्लेखही आहे. मुले ती टीप उत्तम लिहितात आणि गुण मिळवतात. तोच इतिहास आपल्या घरातील पत्र्याच्या पेटीत पडलेला असू शकतो, हे मात्र त्यांना कोणी सांगितलेले नसते. दुसरीकडे ती पेटीच नाहीशी होत चालली आहे. आमच्या भागातील एका बंद पडलेल्या कारखान्याची जुनी हजेरीपुस्तके रद्दीच्या भावाने गेली. ज्येष्ठ मंडळी एकेक करून जात आहेत, आणि दहाव्या-तेराव्याला घर आवरताना पहिल्यांदा बाहेर पडतात ती त्यांची कागदपत्रे.

पुढील वर्षी नववीच्या मुलांकडून याविषयी एक प्रकल्प करून घ्यावा, असे मनात आहे. या मंडळींना नेमके काय विचारावे, मिळालेले कागद आणि ध्वनिमुद्रणे कशी व कुठे जपावीत, आणि आठवड्याला मोजक्याच तासिका असताना हे शिकवण्यात कसे बसवावे, याविषयी अनुभवी मंडळींनी मार्गदर्शन करावे. हा प्रकल्प प्रदर्शनापुरता राहू नये, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

उत्तर : निवृत्त कामगार, जेलरोड

मॅडम, आपण हा विषय हाती घेत आहात याचे फार समाधान वाटले. मी आयुष्यभर पाळ्यांमध्ये काम केले आहे, त्यामुळे विचारावे काय, एवढ्यापुरतेच लिहितो.

मुले सहसा विचारतात, "आजोबा, तुमच्या काळाविषयी काहीतरी सांगा." अशा प्रश्नाला आम्ही म्हातारे ठरलेले उत्तर देतो: दिवस फार कष्टाचे होते, पण माणसे चांगली होती. त्यापुढे कोणी जात नाही. त्याऐवजी पहिल्या पाळीला घरातून किती वाजता निघत होता, सायकल कोणाची होती, डब्यात काय असे, भोंगा कुठपर्यंत ऐकू जाई, पगाराच्या दिवशी फाटकाबाहेर कोण कोण उभे असे, असे विचारावे. फाटकाबाहेर कोण उभे असे, या एका प्रश्नातून किराणा दुकानदाराची उधारी, सावकार, भिशी, पतपेढीचा हप्ता आणि कधी नवऱ्याचा पगार दारूच्या गुत्त्यात जाण्याआधी हातात यावा म्हणून आलेली बायको, असे सगळे बाहेर येते. ती त्या काळातील कामगार कुटुंबाची अर्थव्यवस्थाच आहे, आणि कोणत्याही अहवालात ती इतकी स्पष्ट सापडणार नाही.

प्रेसच्या कामगारांना विचारताना एक पथ्य पाळावे. छपाईच्या प्रक्रियेविषयी आम्ही बोलत नाही आणि मुलांनीही तो आग्रह धरू नये, कारण ते बंधन योग्यच आहे. परंतु फाटकावरची झडती, कॅन्टीन, वसाहतीतील गणेशोत्सव, नाटके, कबड्डीचे संघ, वेगवेगळ्या गावांहून आलेल्या लोकांनी एका नळावर कसे निभावून नेले, हे सगळे मोकळेपणाने सांगता येते. इतरांसाठी नोटा मोजणाऱ्या हातांना स्वतःच्या घरी महिनाअखेर कशी काढावी लागे, हेही विचारण्यासारखे आहे.

शक्य असेल तर एकाच खात्यात काम केलेल्या दोघांना एकत्र बसवावे. एकटा माणूस आठवणीला रंग चढवतो, तर शेजारी जुना सहकारी असला की तो लगेच दुरुस्ती करतो आणि त्या वादातून खरी तारीख, खरा दर आणि खरी माणसे पुढे येतात. आणखी एक सांगावेसे वाटते. आम्ही युनियनवाले जिंकलेल्या लढ्यांविषयी तासन्‌तास बोलतो, त्यामुळे फसलेल्या संपाविषयी मुद्दाम विचारावे. संप फसल्यावर घरात काय विकले गेले, कोणत्या मुलाची शाळा सुटली आणि फुटून कामावर गेलेल्या माणसाशी पुढे कोणी बोलत होते का, हे सांगायला वेळ लागतो. मुलांनी तेवढा वेळ गप्प बसायला शिकले पाहिजे.

उत्तर : सिन्नरकर

वरील उत्तर मोलाचे आहे, परंतु त्यात भोंगा आहे, फाटक आहे आणि हजेरीही आहे. नाशिक जिल्ह्यातील फार मोठे श्रम अशा ठिकाणी झाले, जिथे यांतील काहीच नव्हते. आमच्या सिन्नरला एके काळी विडीचा धंदा जोरात होता आणि विड्या वळणाऱ्यांत बायकांची संख्या मोठी होती. आज त्या बाईच्या नातवाला विचारा, आजी काय करायची? तो सांगेल, "काही नाही, घरीच असायची." घरी बसून ती दिवसाला शेकड्यांनी विड्या वळत होती, हे त्याला ठाऊक असते, पण ते काम होते असे त्याला वाटत नाही. माझ्या मते आपल्या प्रकल्पाची खरी कसोटी येथेच आहे.

माझ्या आईने हे काम केले, म्हणून थोडे तपशिलाने लिहितो. पान आदल्या रात्री भिजवून फडक्यात गुंडाळून ठेवले जाई. सकाळी पत्र्याचा आयताकृती फर्मा पानावर ठेवून कात्रीने त्याच्या कडेने पान कापायचे, शिरा काढायच्या, मांडीवरच्या सुपातून चिमटीने तंबाखू घेऊन पान वळायचे, टोक नखाने मुडपायचे आणि दोऱ्याचे वेढे द्यायचे. पंचवीस विड्यांचा एक कट्टा होई आणि मजुरी हजार विड्यांवर मिळे. माल घेऊन गेल्यावर तपासणारा काही विड्या खराब म्हणून बाजूला काढी. त्यांची मजुरी मिळत नसे आणि त्या परतही मिळत नसत. पान निकृष्ट निघाले किंवा कमी भरले तर तूट बाईच्याच अंगावर पडे. आईच्या उजव्या अंगठ्याचे नख शेवटपर्यंत एका बाजूने झिजलेले होते.

याच कामासाठी १९६६ साली विडी आणि सिगार कामगारांचा कायदा झाला. घरी बसून विड्या वळणारी बाईही कामगार ठरते, हे त्याने मान्य केले. १९७६ साली कल्याण निधीचा कायदा आला, त्यातून ओळखपत्र, दवाखाना आणि मुलांच्या शिष्यवृत्तीची सोय झाली. त्यामुळे विद्यार्थ्यांनी घरात विडी कामगाराचे ओळखपत्र किंवा मजुरीची नोंद असलेले छोटे पुस्तक शोधावे. त्या पुस्तकात दिलेले पान, दिलेली तंबाखू, आणलेल्या विड्या आणि खराब म्हणून बाद केलेल्या विड्या असे रकाने सापडले, तर गणिताच्या तासाला आठवड्याची खरी मजुरी काढून पाहता येईल. कायद्यात काय लिहिले होते आणि हातात काय पडले, यांतील अंतर मुलांना आपोआप दिसेल.

आपण शिकवण्याविषयी विचारले आहे, म्हणून एक सुचवतो. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या प्रयत्नांमुळे १० जून १८९० रोजी मुंबईच्या गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी मिळाली, हे मुलांना सांगावे. आपल्या सुट्टीमागे कोणाचे तरी कष्ट आहेत, हे कळल्यावर मुले कान टवकारतात. त्यानंतर त्यांनी घरी जाऊन आजीला एवढेच विचारावे, की तुला रविवार होता का. विडी वळणारी, धुणीभांडी करणारी, शेतात निंदणीला जाणारी आजी जे उत्तर देईल, त्यावर पुढचे दोन तास सहज चालतील.

बायकांच्या आठवणी मुलाखतीपेक्षा गाण्यांत जास्त मोकळ्या होतात. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी खेडोपाडी फिरून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या, आणि आता त्या पारी या संकेतस्थळावर गायिकांच्या नावागावासह ऐकायला मिळतात. त्यांतील काही ओव्या वर्गात ऐकवाव्यात. मग मुले आपल्या आजीला वेगळ्या तऱ्हेने विचारू लागतील.

उत्तर : समाजशास्त्राचा अभ्यासक, पंचवटी

प्रकल्पाला माझा पूर्ण पाठिंबा आहे, म्हणूनच एका धोक्याकडे लक्ष वेधतो. "तुमचे आजोबा काय काम करत होते ते वर्गात सांगा," असा गृहपाठ आपल्या समाजात निरुपद्रवी नसतो. आपल्याकडे काम आणि जात शतकानुशतके एकमेकांना बांधलेली आहेत. ज्याचे आजोबा फिटर होते तो मुलगा छाती पुढे काढून सांगेल, आणि ज्याची आजी मैला वाहत होती किंवा ज्याचे पणजोबा मेलेली जनावरे ओढत होते, तो त्या दिवशी शाळेत येणार नाही. कष्टकऱ्यांचा सन्मान करण्यासाठी घेतलेला तास एका मुलाला उघडे पाडणारा ठरू शकतो.

यावर मार्ग आहेत. मुलांनी स्वतःच्याच घरात विचारावे अशी सक्ती करू नये, गल्लीतील, बाजारातील, बसस्थानकावरील कोणाशीही बोलण्याची मुभा असावी. नावे फलकावर लावण्याआधी त्या कुटुंबाला विचारावे. मुख्य म्हणजे, कष्टाचे वर्णन करून थांबू नये; हेच काम याच लोकांच्या वाट्याला का आले, हा प्रश्न शिक्षकांनी स्वतः मांडावा, म्हणजे त्याचे ओझे मुलांवर पडणार नाही.

नाशिकमध्ये यासाठी फार दूर जावे लागत नाही. २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला आणि तो पुढे काही वर्षे चालला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नेतृत्व आणि दादासाहेब गायकवाड यांनी सांभाळलेली स्थानिक धुरा मुलांना ठाऊक असते. परंतु त्या सत्याग्रहाला हजारोंच्या संख्येने आलेले स्त्री-पुरुष बहुतांशी शेतमजूर आणि गावकामगार होते. हातावर पोट असलेल्या माणसाने तुरुंगात जायचे ठरवले, तर मागे चूल कोणी पेटवली? गावी परतल्यावर त्याला कामावर कोणी ठेवले का? जिल्ह्यात आजही अशी घरे आहेत जिथे पणजोबांच्या तुरुंगवासाची आठवण सांगितली जाते. तारखेबरोबर हे प्रश्नही शिकवले, तर मुलांना सत्याग्रहाची किंमत कळेल.

दुसरी गोष्ट अगदी तातडीची आहे. सिंहस्थाची कामे सुरू आहेत. दर बारा वर्षांनी आखाड्यांची, शाही स्नानाची आणि मान्यवरांची असंख्य छायाचित्रे निघतात, परंतु घाट बांधणारे मजूर, रस्त्यांवर डांबर टाकणाऱ्या टोळ्या आणि रात्रंदिवस झाडणारे सफाई कामगार कोणत्या गावांहून आले, कुठे उतरले, त्यांना काय दर मिळाला, याची नोंद कोणी ठेवत नाही. यंदा मुलांनी ती ठेवावी. पन्नास वर्षांनी हेच साधन अभ्यासकांना लागणार आहे.

उत्तर : द्राक्षबागायतदार, दिंडोरी

मी मजूर नाही, मजूर लावणारा आहे, त्यामुळे येथे लिहावे की नाही असा विचार करत होतो. परंतु आमच्यासारख्यांच्या घरीही या इतिहासाची साधने आहेत, ती कोणी मागत नाही.

माझ्या वडिलांपासूनच्या वह्या आमच्याकडे आहेत. पेठ आणि सुरगाणा या आदिवासी भागांतील टोळ्या छाटणीला, विरळणीला आणि डिपिंगला, म्हणजे द्राक्षांचे घड औषधात बुडवायला, आमच्याकडे येत आल्या आहेत. कोणाला किती उचल दिली, एकरी उक्ता दर काय ठरला, कोण मध्येच निघून गेले, कोणाला बाजारासाठी किती रुपये दिले, हे सगळे त्या वह्यांत आहे. वडिलांनी टोळीच्या मुकादमाचे नाव लिहिले आहे, पण बायकांची नावे क्वचितच लिहिली आहेत. "पाच बाया, दोन पोरे" एवढीच नोंद असते. "दोन पोरे" वाचले की मला आज वाईट वाटते, कारण ती त्या दिवशी शाळेत असायला हवी होती. वही तशीच ठेवली आहे, त्यात काही खोडलेले नाही.

मॅडम, माझे म्हणणे असे की मुलांनी अशी एक वही आणि त्याच टोळीतील एखाद्या बाईची आठवण शेजारी-शेजारी ठेवून वाचावी. वहीत ती आठवडाभर काम करून गेली असे दिसेल. ती स्वतः सांगेल, की डिपिंगच्या औषधात हात घालून घालून बोटांची सालपटे निघत होती, तान्हे मूल वेलीच्या सावलीत झोळीत टांगलेले होते आणि उचल फेडून झाल्यावर घरी न्यायला फार थोडे उरत होते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. मालकाचा कागद काय सांगतो आणि काय सांगत नाही, हे मुलांना शिकवायचे असेल तर माझी वही घ्या. वहीतील मजुरांची नावे मात्र झाकून द्यावी लागतील, कारण त्यांना विचारल्याशिवाय त्यांच्या कर्जाचा आकडा चव्हाट्यावर मांडण्याचा मला अधिकार नाही.

याच भागांतील हजारो माणसे ६ मार्च २०१८ रोजी नाशिकहून निघून पायी मुंबईला गेली आणि १२ मार्चला आझाद मैदानावर पोहोचली. वनहक्काच्या जमिनी हा त्यांचा मुख्य प्रश्न होता. वर्तमानपत्रांतील छायाचित्रे टिकतील, परंतु चालणाऱ्यांनी स्वतः काढलेली छायाचित्रे जुन्या मोबाइलमध्ये आहेत आणि मोबाइल बिघडला की ती जातात. वनहक्काच्या दाव्यांच्या पोचपावत्यांचेही तसेच आहे. जुन्या काळाचे जपताना कालपरवाचेही जपावे.

उत्तर : ग्रंथपाल, जुने नाशिक

बहुतेक मुद्दे येऊन गेले आहेत. जतनाचा प्रश्न माझ्या कामाचा आहे, म्हणून त्याविषयी सविस्तर लिहिते.

सर्वांत आधी, मूळ कागद कुटुंबाकडून काढून घेऊ नये. शाळेने नैसर्गिक उजेडात, फ्लॅश न वापरता त्याचे छायाचित्र घ्यावे आणि कागद परत करावा. मागची बाजू कोरी दिसली तरी तिचेही छायाचित्र घ्यावे, कारण हिशेब, पत्ते आणि निरोप बहुधा मागेच लिहिलेले असतात. परत करताना घरच्यांना एक गोष्ट समजावून सांगावी: जुना कागद लॅमिनेट करू नये आणि त्याला चिकटपट्टी लावू नये. चांगल्या हेतूने लॅमिनेशन केलेली किती तरी नेमणूकपत्रे आमच्याकडे येतात. उष्णतेने शाई बदलते, कागद प्लॅस्टिकमध्ये कायमचा अडकतो आणि पुढे दुरुस्तीही करता येत नाही. स्वच्छ सुती कापडात किंवा जाड कोऱ्या कागदाच्या पाकिटात, जमिनीपासून उंच आणि भिंतीला न टेकवता ठेवलेला कागद वर्षानुवर्षे टिकतो. पावसाळ्यानंतर एकदा बाहेर काढून सावलीत उघडून पाहावा, म्हणजे ओल, कसर किंवा वाळवी लागली असेल तर वेळेवर कळते. यंत्रातून निघालेल्या गुळगुळीत पावत्यांची छपाई आपोआप उडते, त्यांचे छायाचित्र लगेच घ्यावे.

ध्वनिमुद्रणासाठी साधा मोबाइल पुरतो. पंखा आणि दूरदर्शन बंद करावे, मोबाइल विमान स्थितीत ठेवावा आणि सुरुवातीलाच तारीख, ठिकाण, बोलणाऱ्याचे आणि विचारणाऱ्याचे नाव मोठ्याने उच्चारावे. मूळ फीत कापून लहान करू नये. हवे तर तिची दुसरी प्रत करून त्यातून भाग काढावेत. व्हॉट्सॲपवरून आलेली प्रत मूळ म्हणून ठेवू नये, कारण तेथे आवाजाचा आणि छायाचित्रांचा दर्जा घटतो. तीन प्रती कराव्यात आणि त्यांतील एक शाळेच्या इमारतीबाहेर असावी.

लिहून काढताना बोलणाऱ्याची बोली बदलू नये. मुले सवयीने ती शुद्ध करून टाकतात आणि माणसाचा आवाजच हरवतो. मालेगावच्या यंत्रमाग कामगारापर्यंत कोणी पोहोचले, तर त्याला मराठीत बोलायला लावू नये, तो जी उर्दू बोलतो तीच नोंदवावी आणि खाली मराठी द्यावी.

संमतीचा कागद अर्ध्या पानाचा आणि सोप्या मराठीत असावा. मुलाखत वर्गात ऐकवायची का, बाहेरच्या अभ्यासकाला द्यायची का, नाव उघड करायचे का, या तिन्हींची उत्तरे वेगवेगळी असू शकतात आणि ती नंतर बदलण्याची मोकळीक असावी. विद्यार्थी अठरा वर्षांखालील असल्याने पालकांचीही संमती घ्यावी.

आता कुठे ठेवावे याविषयी. एक प्रत कुटुंबाला, एक शाळेच्या ग्रंथालयात आणि एक गावातील वाचनालयात, अशी माझी सूचना आहे. नाशिकला तर १८४० पासून सार्वजनिक वाचनालय आहे. वाचनालयांशी आधी बोलून, नोंदसूची कोणी ठेवायची आणि वाचकाला काय दाखवायचे हे लेखी ठरवावे. नुसती पेनड्राइव्ह देऊन आले तर ती कपाटात पडून राहते. मोठ्या पातळीवर नोएडातील व्ही. व्ही. गिरी राष्ट्रीय श्रम संस्थेत १९९८ पासून भारतीय श्रमिकांचे अभिलेखागार आहे, तेथील मांडणी सूची करताना नमुना म्हणून पाहता येईल.

शिकवण्यासाठी आणखी एक साधन उपयोगी पडेल. १८८३ चे नाशिक जिल्ह्याचे गॅझेटियर महाराष्ट्र शासनाच्या संकेतस्थळावर उपलब्ध आहे. नाशिकचे तांबट, येवल्याचे विणकर आणि मजुरांचे दर यांविषयी त्यात माहिती आहे. ते साहेबांनी कारभारासाठी लिहिले, त्यामुळे तांबट किती भांडी घडवतो हे त्यात सापडते आणि तांबटाचे म्हणणे सापडत नाही. तांबट आळीत आज जो हातोडीचा आवाज उरला आहे, तिथे जाऊन ते म्हणणे मुलांनी नोंदवावे.

प्रश्नकर्तीचा प्रतिसाद : इतिहासशिक्षिका, नाशिकरोड

सर्वांचे मनःपूर्वक आभार. पंचवटीच्या सरांनी दिलेला इशारा मी मुख्याध्यापकांपुढेही मांडला आणि स्वतःच्या घरात विचारण्याची सक्ती प्रकल्पातून काढून टाकली आहे. दिंडोरीच्या दादांची वही नावे झाकून मिळणार असेल तर मी स्वतः येऊन छायाचित्रे घेईन.

सगळे एकाच वर्षी करणे शक्य नाही, म्हणून पहिल्या वर्षी १९७२ च्या दुष्काळातील कामे हा एकच विषय घ्यावा असे ठरवत आहे. तेव्हा तरुण असलेल्या स्त्रिया आज सत्तरी-पंचाहत्तरी ओलांडलेल्या आहेत, त्यांना थांबायला वेळ नाही. शिवाय वि. स. पागे यांनी मांडलेली रोजगार हमीची कल्पना, त्या दुष्काळातील कामे आणि १९७७ चा महाराष्ट्राचा कायदा हा धागा पुस्तकातील माहितीशीही जोडता येतो. सुकडी (दुष्काळी कामांवर मिळणारा पूरक आहार), मिलो (बाहेरून आणलेली लाल ज्वारी), खडी हे शब्द मुलांनी घरी ऐकलेले असतात, पण त्यामागील काम त्यांना डोळ्यांपुढे आणता येत नाही. ते वर्गात कसे उभे करावे, हे कोणी सुचवू शकेल का?

उत्तर : सिन्नरकर

ताई, आमचा तालुका कायमचा दुष्काळी, त्यामुळे खडी फोडलेल्या बायका आमच्याकडे घरोघरी सापडतील. वर्गात नको, मैदानावर करावे. फोडलेली खडी ब्रासच्या मापाने मोजली जात असे आणि एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट. मुलांनी फक्कीने दहा फूट लांब आणि दहा फूट रुंद चौकोन आखावा, त्याच्या चारही कोपऱ्यांवर एक फूट उंचीच्या खुंट्या ठोकून दोरी बांधावी. तेवढी जागा हाताने फोडलेल्या दगडाने भरली की एक ब्रास होतो. मग एखाद्या आजीला खुर्ची देऊन त्या चौकोनाशेजारी बसवावे आणि विचारावे, की एवढे भरायला किती जणी लागत होत्या, किती दिवस जात होते, मोजणारा माप कसे धरी, ढीग दाबून मोजी का, आणि पैसे किती दिवसांनी मिळत. हातोडी कोणाची, डोळ्यांत कच गेल्यावर काय करत, लहान मुले कुठे ठेवत, हे त्या आपणहून सांगतील.

मुलाखती दिवाळीच्या सुट्टीनंतर ठेवाव्यात. चैत्र-वैशाखात लग्नसराई असते, पावसाळ्यात म्हाताऱ्या माणसांचे सांधे धरतात, आणि कार्तिकात ऊन कोवळे असल्याने त्यांना दुपारपर्यंत बाहेर बसवते. सिन्नरहून तीन-चार आजींना आणायची व्यवस्था मी करतो. येण्याजाण्याची गाडी आणि दुपारचे जेवण एवढे शाळेने पाहावे, आणि मुलाखतीच्या प्रती त्यांच्या घरी पोहोचवण्याचे काम माझ्याकडे द्यावे.